रायसीनाच्या आधीची टेकडी

नव्या दिल्लीच्या बांधणीची गोष्ट निघाली की सर एडविन ल्युटेन्स ह्यांचे नाव कोणाच्याही ओठांवर सहज येते. जणू काय सारी राजधानी त्या एकाच पुरुषाच्या कागदावरून उतरली! परंतु आम्हां कारकुनांच्या तीनचार पिढ्यांनी ज्यांचे जिने झिजविले, ज्यांच्या लांबच लांब ओवऱ्यांतून फायलींचे गठ्ठे सकाळी एका टोकास गेले आणि सायंकाळी शेरा घेऊन परत आले, त्या उत्तर व दक्षिण सचिवालयांच्या इमारती ल्युटेन्स ह्यांच्या नव्हेत. त्या सर हर्बर्ट बेकर ह्यांच्या. एकशे चव्वेचाळीस खांबांचे वर्तुळाकार संसदभवनही त्यांनीच उभारले. अलीकडे सचिवालयांतील बरीच दप्तरे नव्या इमारतींत हलली आणि २०२३ साली संसदही शेजारच्या नव्या भवनात गेली. आता त्या जुन्या वास्तूंकडे चाकरीच्या नजरेने न पाहता इतिहासाच्या नजरेने पाहावयास थोडी सवड मिळण्यास हरकत नसावी.

तसे पाहू गेल्यास रायसीना ही बेकर ह्यांची पहिली टेकडी नव्हे. दिल्लीस येण्यापूर्वी ह्या गृहस्थांनी आयुष्याची उमेदीची वीस वर्षे आफ्रिका खंडाच्या दक्षिण टोकास घालविली. सचिवालयाची मूळ कल्पना त्यांना सुचली ती यमुनेकाठी नव्हे, तर प्रिटोरिया नगराजवळील माइंट्यीसकॉप नावाच्या उतरणीवर. ती कल्पना कोणत्या मातीत रुजली आणि कोणासाठी रुजली, हे समजल्यावाचून आपल्या रोजच्या जिन्याचा अर्थ पुरता लागत नाही, असे आम्हांस वाटते.

हर्बर्ट बेकर ह्यांचा जन्म ९ जून १८६२ रोजी इंग्लंडातील केंट परगण्यात, कॉबम गावच्या औलेट्स ह्या वाडवडिलार्जित घरी झाला. टनब्रिज येथे शिक्षण, पुढे आर्थर बेकर ह्या वास्तुशास्त्रज्ञ नातलगाच्या हाताखाली उमेदवारी, आणि नंतर लंडनला अर्नेस्ट जॉर्ज ह्यांच्या कचेरीत नोकरी, असा त्यांचा प्रारंभीचा क्रम अगदी चाकोरीतला. त्याच कचेरीत ल्युटेन्स नावाचा एक खोडकर, बुद्धिमान तरुण त्यांस भेटला. दोघांनी मिळून खेड्यापाड्यांतील जुनी घरे हिंडून पाहिली, त्यांची चित्रे काढली. पुढे तीस वर्षांनी दिल्लीस ह्याच दोघांत जे वितुष्ट आले त्याची तेव्हा कोणास कल्पनाही नव्हती.

१८९२ साली बेकर केप वसाहतीत आले ते काही इमारती बांधण्याच्या जिद्दीने नव्हे. धाकटा भाऊ लायोनेल तेथे फळबागा लावू पाहत होता. त्याच्याकडे लक्ष ठेवणे हे निमित्त. परंतु केप टाऊनमध्ये एका मेजवानीच्या प्रसंगी त्यांची गाठ सेसिल ऱ्होड्स ह्यांच्याशी पडली आणि त्यांच्या आयुष्याचा ओघ बदलला. ऱ्होड्स तेव्हा केप वसाहतीचे प्रधानमंत्री होते. किंबर्लीच्या हिऱ्यांचा जवळजवळ सारा व्यापार त्यांच्या मुठीत होता. आणि केप ते कैरो आफ्रिकेचा नकाशा तांबड्या रंगाने रंगविण्याचे वेड त्यांनी घेतले होते. अशा माणसाने तिशीच्या आतबाहेरील एका अनोळखी तरुणाकडे आपले घर सोपवावे, हा योगायोगच म्हणावयाचा.

ते घर म्हणजे ग्रूट स्क्यूर. सतराव्या शतकातील डच कंपनीचे धान्याचे मोठे कोठार, एवढाच त्या नावाचा अर्थ. मागील पिढ्यांनी त्याचे रूप पार बिघडवून टाकले होते. ऱ्होड्सने फारसे काही सांगितले नाही. जे कराल ते भव्य आणि साधे करा, एवढाच त्याचा आग्रह. तेव्हा बेकर ह्यांनी केपच्या खेड्यांतील जुने डच वाडे पाहावयास सुरुवात केली. पांढऱ्या चुन्याच्या जाड भिंती, दर्शनी बाजूस वळणदार महिरपीचा उंच त्रिकोण, पुढे लांबरुंद ओटा, आत सागवानी तुळया, असे ते वाडे. त्या काळच्या इंग्रज वसाहतवाल्यांना ते गावंढळ वाटत असत आणि कित्येक पाडलेही जात होते. बेकर ह्यांना मात्र त्यांत एक सरळ, उन्हापावसास साजेसे सौंदर्य दिसले. परदेशी माणसाने येऊन तेथील लोकांस त्यांच्याच घरांची किंमत दाखवून द्यावी, असे इतिहासात पुष्कळदा घडते. आपल्याकडेही अजिंठ्याची गोष्ट काही निराळी नाही.

येथे एक गोष्ट नमूद करणे अवश्य आहे. ज्या वाड्यांना आपण केप डच म्हणतो ते बांधणारे हात सारे डच नव्हते. डच कंपनीने जावा, मादागास्कर, मलबार, कोरोमंडल आणि बंगाल येथून गुलाम म्हणून जी माणसे आणली, त्यांत गवंडी, सुतार, गिलावा करणारे कसबी कारागीर होते. १८३४ साली गुलामगिरी कायद्याने संपली तरी त्यांच्या वंशजांचे हातचे काम गेले नाही. बेकर ह्यांना ग्रूट स्क्यूरसाठी चांगले कारागीर हवे होते. त्यांनी ते केप टाऊनच्या अशाच वस्त्यांतून जमविले आणि जुने कसब पुन्हा मार्गी लावले. हे त्यांचे श्रेय. मात्र डच नावाच्या ह्या शैलीत आपल्या किनाऱ्यांवरून नेलेल्या, नाव न राहिलेल्या माणसांचाही हात आहे, ही गोष्ट त्या शैलीच्या कौतुकात सहसा ऐकू येत नाही.

१८९६ च्या डिसेंबरात ग्रूट स्क्यूरला आग लागून घर भस्मसात झाले. बेकर ह्यांनी ते पुन्हा बांधले. ह्या खेपेस गवती छपराऐवजी कौले घातली. ते घर पुढे कित्येक दशके दक्षिण आफ्रिकेच्या प्रधानमंत्र्यांचे निवासस्थान होते. त्याच घरात मे १९९० मध्ये डी क्लार्क ह्यांचे सरकार आणि आफ्रिकन नॅशनल काँग्रेस ह्यांची पहिली औपचारिक बोलणी झाली आणि त्यांतून निघालेला मसुदा त्या घराच्याच नावाने ओळखला जातो. ज्या यजमानाने कृष्णवर्णीयांच्या मतदानाच्या हक्कांस कात्री लावली, त्याच्या दिवाणखान्यात नेल्सन मंडेला वाटाघाटीस बसले! इमारतींचे दैव बांधणाऱ्याच्या हाती नसते हेच खरे.

ऱ्होड्सच्याच जमिनीवर बेकर ह्यांनी वुलसॅक नावाचे एक छोटेखानी घर रडयार्ड किपलिंग ह्यांच्यासाठी बांधले. मुंबईच्या जिजीभाई कलाशाळेच्या आवारात जन्मलेला हा साम्राज्याचा कवी १९०८ सालापर्यंत इंग्लंडातील हिवाळा टाळण्यासाठी त्या घरी येऊन राहत असे. आणि १९०० साली ऱ्होड्सने बेकर ह्यांस आपल्या खर्चाने इटली, ग्रीस व मिसर देशांच्या यात्रेस धाडले. उद्देश असा की, ह्या तरुणाने पेस्टमची मंदिरे पाहावीत, अथेन्सचे अक्रोपोलिस पाहावे, थीब्सचे खांब पाहावेत आणि परत येऊन आफ्रिकेत तसेच काही उभारावे. ह्या यात्रेने बेकर ह्यांच्या मनावर कायमचा ठसा उमटविला. टेकडीचा माथा, त्यावर दगडी खांबांची रांग आणि खाली दूरवर पसरलेला प्रदेश, हे चित्र त्यांच्या डोळ्यांपुढून पुन्हा कधी हलले नाही. किंबर्लीच्या वेढ्यात पडलेल्यांचे स्मारक, आणि १९०२ साली मेलेल्या खुद्द ऱ्होड्सचे टेबल पर्वताच्या कुशीतील स्मारक, ही ह्या यात्रेची पहिली फळे. ऱ्होड्स-स्मारकाच्या एकूणपन्नास पायऱ्या, दोन्ही बाजूंस कांस्याचे सिंह, आणि वर देवालयासारखा मंडप. माणूस देव नव्हता, परंतु मंदिर मात्र देवाचे झाले.

१९०२ साली बोअर युद्ध संपले. सोन्याच्या खाणींचा ट्रान्सवाल प्रांत इंग्रजांच्या हाती आला आणि हाय कमिशनर लॉर्ड मिल्नर ह्यांनी बेकर ह्यांस उत्तरेकडे बोलावून घेतले. त्या युद्धात इंग्रजांच्या छावण्यांतून सहवीस हजारांवर बोअर स्त्रिया व मुले मेली होती. कृष्णवर्णीयांच्या छावण्यांतून किती हजार मेली ह्याची मोजदाद नीट कोणी ठेवलीच नाही. अशा जळून खाक झालेल्या मुलखात मिल्नर ह्यांस नवी व्यवस्था बसवावयाची होती. त्या व्यवस्थेस शोभतील अशी घरे, देवळे, कचेऱ्या बांधणे हे बेकर ह्यांचे काम ठरले. जोहान्सबर्ग तेव्हा अवघे सोळा वर्षांचे शहर होते. पत्र्याची छपरे, धूळ आणि दारूचे गुत्ते ह्यांचा तो सुकाळ. बेकर ह्यांनी पार्कटाउनच्या खडकाळ कड्यावर स्वतःसाठी जे स्टोनहाऊस बांधले, त्यास दगड लावला तोही त्याच कड्यातील. पुढील दहा वर्षांत खाणमालकांच्या हवेल्या, शाळा, चर्चे, रेल्वेस्टेशन असे किती बांधले त्याची यादी फार लांब होईल. तीत शिरण्याचे कारण नाही.

परंतु त्या कड्यावरील एका मंडळीविषयी मात्र थांबून लिहिले पाहिजे. मिल्नरने ऑक्सफर्डहून ऐन पंचविशीतील हुशार पदवीधर कारभारासाठी आणविले होते. त्यांस लोक थट्टेने मिल्नरची बालवाडी म्हणत. बेकर ह्या मंडळींचे स्नेही आणि शेजारी. त्यांच्या बैठकीचे मूट हाऊस बेकर ह्यांनीच बांधून दिले. ह्या मंडळींत लायोनेल कर्टिस नावाचे एक गृहस्थ होते. ट्रान्सवालमधील प्रत्येक हिंदी माणसाने दहाही बोटांचे ठसे देऊन आपली नोंद करावी आणि परवाना सदैव जवळ बाळगावा, हा १९०६ चा जो काळा वटहुकूम, त्याचा जनक हाच कर्टिस, असे गांधीजींनी आपल्या सत्याग्रहाच्या इतिहासात नोंदविले आहे. त्याच वर्षी ११ सप्टेंबरला जोहान्सबर्गच्या एम्पायर नाट्यगृहात हिंदी लोकांनी शपथ घेतली आणि सत्याग्रह जन्मास आला. पुढे हेच कर्टिस हिंदुस्थानात आले आणि १९१९ च्या सुधारणांतील द्विदल राज्यपद्धतीच्या कल्पनेस त्यांनी हातभार लावला. त्या सुधारणांत कोणते खाते कोणाकडे असावे हे ठरविणाऱ्या समितीचे अध्यक्ष रिचर्ड फीथम, तेही त्याच पार्कटाउनच्या मंडळींपैकी. आमच्या कचेऱ्यांतील राखीव व सोपीव खात्यांचा तो सारा जुना घोळ एका अर्थी बेकर ह्यांनी बांधलेल्या दिवाणखान्यांतून आला, असे म्हटल्यास फारशी अतिशयोक्ती होणार नाही. वास्तुकार, कायदेपंडित आणि कारभारी हे तिघे एकाच ओट्यावर बसून एकाच साम्राज्याचा विचार करीत होते.

ह्याच वेळी जोहान्सबर्गमध्ये आणखी एक वास्तुकार होता: हर्मान कालेनबाख. जर्मन यहुदी, पैसेवाला, हौशी. त्याचा ओढा मात्र निराळ्या घराकडे होता. गांधीजींच्या सहवासात त्याने आपला खर्च कमी केला आणि १९१० साली अकराशे एकरांची आपली जमीन सत्याग्रहींच्या कुटुंबांसाठी दिली; तेच टॉलस्टॉय फार्म. १९१२ च्या ऑक्टोबरात गोपाळ कृष्ण गोखले दक्षिण आफ्रिकेस गेले तेव्हा जोहान्सबर्गच्या पार्क स्टेशनवर स्वागताची जी भव्य कमान उभी राहिली तिची आखणी कालेनबाखची. आणि गोखल्यांचा मुक्काम शहराबाहेरच्या टेकडीवरील त्याच्याच घरी. त्या दौऱ्यातील एक आठवण मराठी वाचकांच्या विशेष जिव्हाळ्याची आहे. जोहान्सबर्गमध्ये काही कोकणी मुसलमान व काही महाराष्ट्रीय हिंदू होते. त्यांच्यापुढे आपण मराठीतच बोलावे, मी त्याचे हिंदुस्थानीत भाषांतर करतो, अशी गळ गांधीजींनी गोखल्यांस घातली. गोखले खदखदून हसले. गांधीजींचे मराठीचे ज्ञान त्यांस पुरते ठाऊक होते! परंतु त्यांनी ते मानले आणि पुढे झांजीबारपर्यंत अशा सभांतून ते मराठीतच बोलले. परमुलखात मातृभाषा कानी पडल्यावर त्या श्रोत्यांस काय वाटले असेल, हे आमच्यासारख्या बदलीच्या गावी राहणाऱ्या वाचकांस समजावून सांगावयास नको.

त्या दौऱ्यात गोखले प्रिटोरियास जाऊन जनरल बोथा व जनरल स्मट्स ह्या मंत्र्यांस भेटले. तीन पौंडांचा जुलमी कर रद्द होईल असे आश्वासन घेऊन ते परतले. गांधीजींस मात्र शंका होती आणि ती खरी ठरली. तो कर १९१४ साली रद्द झाला तो आश्वासनाने नव्हे, तर १९१३ च्या संपाने व मोर्चाने. गोखले प्रिटोरियास पोचले त्या वेळी गावाबाहेरच्या टेकडीवर एका प्रचंड इमारतीचे बांधकाम चालले होते. तीच युनियन बिल्डिंग, आणि तीच रायसीनाची थोरली बहीण.

३१ मे १९१० रोजी केप, नाताळ, ट्रान्सवाल व ऑरेंज रिव्हर ह्या चार वसाहतींचे एक संघराज्य झाले. पार्लमेंट केप टाऊनला आणि सचिवालय प्रिटोरियास अशी वाटणी ठरली. कोनशिला त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात ड्यूक ऑफ कॅनॉट ह्यांनी बसविली. हे ड्यूक म्हणजे आपल्या पुण्यास चांगले परिचित असलेले. १८८६ ते १८९० पर्यंत ते मुंबई लष्कराचे सरसेनापती होते. पुढे १९२१ च्या फेब्रुवारीत दिल्लीच्या संसदभवनाची कोनशिलाही त्यांच्याच हातून बसली. दोन खंडांत, एकाच वास्तुकाराच्या दोन राजवास्तूंचा पाया एकाच राजपुत्राच्या हातून घातला गेला. कॅनॉट प्लेसमध्ये सायंकाळी हिंडणाऱ्या किती जणांस हे ठाऊक असेल?

सरकारने बेकर ह्यांस प्रिटोरियातील निरनिराळ्या जागा दाखविल्या होत्या. गावाच्या मध्यभागी चौकालगत इमारत बांधणे सोपे पडले असते. बेकर ह्यांनी टेकडी निवडली. तिच्या मध्यभागी निसर्गतःच एक खोलगट पाळणा होता. त्याच्या दोन्ही अंगांस दोन सारख्या इमारती, आणि त्या दोहोंना सांधणारी अर्धवर्तुळाकार खांबांची ओवरी. पाळण्याच्या पोटात पायऱ्यापायऱ्यांचे रंगपीठ. दोन इमारती म्हणजे इंग्रज व बोअर हे दोन गोरे समाज. ओवरी म्हणजे त्यांचे ऐक्य. तोच दगड, तीच मापे, तेच घुमट. कोणी थोरला नाही, कोणी धाकटा नाही. लांबी सुमारे २८५ मीटर. आतल्या भिंतींस सुमारे १ कोटी ४० लाख विटा लागल्या. साडेबाराशेंच्या वर कारागीर व मजूर जवळजवळ तीन वर्षे खपत होते. १९१३ साली इमारत पुरी झाली.

केवळ इमारत म्हणून पाहिल्यास ती उत्तम आहे, हे कबूल केलेच पाहिजे. दगड जवळपासचा; आत अंगणे, की जेणेकरून प्रत्येक खोलीस उजेड व वारा मिळावा; दक्षिण गोलार्धातील प्रखर ऊन अडविण्यासाठी खोल ओवऱ्या; खाली टेकडीच्याच दगडांनी बांधलेल्या बागांचे टप्पे. एवढी अवाढव्य वास्तू, परंतु ती टेकडीवर ठेवल्यासारखी दिसत नाही, टेकडीतून उगवल्यासारखी दिसते. सरकारी इमारत म्हटली की दिवे लावून बसावयाच्या अंधाऱ्या खोल्या, अशी आमची समजूत असल्याने हे कौतुक आम्ही जरा मोकळेपणाने करीत आहो.

पण दोन पंख दोन समाजांचे, तर तिसऱ्याचे काय? त्या देशात बहुसंख्या होती ती कृष्णवर्णीयांची. बेकर ह्यांना ते सुचले नव्हते असे नाही. त्यांच्या मनात टेकडीवर एक लहानशी, अर्धी उघडी बैठकीची जागा होती. तेथे काळ्या लोकांनी यावे, सरकारचा दबदबा पाहावा, आणि इमारतीत पाऊल न टाकता परत जावे. ती जागाही कधी बांधली गेली नाही. इमारत पुरी झाली त्याच १९१३ साली त्या सरकारने जमिनीचा कायदा केला आणि देशातील सुमारे सात टक्के जमीन तेवढी कृष्णवर्णीयांच्या वाट्यास ठेवली. नकाशा आणि कायदा ह्यांचे असे तंतोतंत जुळावे, ह्याचा दोष एकट्या वास्तुकारास देता येत नाही. परंतु त्याच्या रेघा निर्दोष होत्या असेही आम्हांस म्हणवत नाही. कोणास कोठून आत यावयाचे आणि कोणी कोठे थांबावयाचे, हे नकाशातच ठरते. दारावरचा शिपाई ते फक्त अंमलात आणतो.

ह्या इमारतीनेच बेकर ह्यांस दिल्ली मिळवून दिली. १२ डिसेंबर १९११ रोजी दिल्ली दरबारात राजधानी हलविण्याची घोषणा झाली. ऑक्टोबर १९१२ मध्ये बेकर ह्यांनी लंडनच्या टाइम्स पत्रात नव्या राजधानीच्या शैलीविषयी एक लांबलचक पत्र लिहिले. कायदा आणि सुव्यवस्था ही इंग्रजी राज्याची देणगी दगडात उतरली पाहिजे, आणि तीसाठी पाया युरोपीय अभिजात शैलीचा ठेवून देशी अलंकार व हवामानास योग्य अशा युक्त्या स्वीकाराव्यात, असे त्यांचे सूत्र. १९१३ च्या आरंभी त्यांची ल्युटेन्स ह्यांच्या जोडीस नेमणूक झाली. येताना ते प्रिटोरियाची टेकडी मनात घेऊनच आले. सचिवालये खाली सपाटीवर नकोत, ती गव्हर्नमेंट हाऊसच्या बरोबरीने रायसीनाच्या माथ्यावर हवीत, असा त्यांनी आग्रह धरला. त्यामुळे रस्त्याचा चढ असा झाला की खालून येणाऱ्यास व्हाइसरॉयचा वाडा मध्येच दिसेनासा होतो. ल्युटेन्स ह्यांनी आधी ह्यास संमतीची सही दिली होती. परिणाम त्यांच्या ध्यानात १९१६ साली आला. त्यावरून जुने मित्र कायमचे दुरावले. ही कथा पुष्कळांनी सांगितली आहे. ल्युटेन्सप्रेमी मंडळी अद्यापही बेकर ह्यांस क्षमा करीत नाहीत. आम्हांस मात्र त्या चढाविषयी फारसा खेद वाटत नाही. व्हाइसरॉयचा वाडा थोडा दिसेनासा झाला आणि कारभाराचे दप्तर पुढे आले, हे पुढील इतिहासास धरूनच झाले.

दोन्ही टेकड्या शेजारी ठेवून पाहिल्या तर एक भेद लक्षात येतो. प्रिटोरियास दोन पंखांच्या मध्ये रिकामे रंगपीठ आहे. दिल्लीस दोन सचिवालयांच्या मध्ये रस्ता आहे आणि त्या रस्त्याच्या शेवटी व्हाइसरॉय बसलेला. तेथे मध्यभाग मोकळा सोडला, कारण गोऱ्या नागरिकांनी तेथे जमावे अशी अपेक्षा होती. येथे मध्यभागातून मिरवणूक जावयाची, आणि प्रजेने दोन्ही बाजूंस उभे राहावयाचे. दोन्हींमध्ये छज्जे, ओवऱ्या, घुमट तेच. दिल्लीस जाळ्या, छत्र्या आणि हत्ती तेवढे वाढले. उत्तर सचिवालयाच्या दारावर स्वातंत्र्य ही लायकीने मिळवावयाची वस्तू आहे अशा अर्थाचा जो इंग्रजी लेख कोरलेला आहे, तो वाचून चीड आलेले देशभक्त पुष्कळ. ओटीतील चार खांब कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड आणि दक्षिण आफ्रिका ह्यांनी भेट दिलेले. ज्या देशाने गांधीजींस आगगाडीतून ढकलून दिले, त्याचा खांब आमच्या सचिवालयापुढे उभा आहे, हे किती जणांनी पाहिले असेल कोण जाणे.

पुढील चरित्र थोडक्यात सांगता येईल. १९२६ साली बेकर ह्यांस सर हा किताब मिळाला. पहिल्या महायुद्धातील मृतांची स्मारके त्यांनी फ्रान्स व बेल्जियममध्ये पुष्कळ उभारली. त्यांपैकी नव्ह-शापेल येथील हिंदी सैनिकांचे स्मारक, ज्यावर ४,७०० हून अधिक नावे कोरली आहेत, आपण आवर्जून ध्यानात ठेवावे. लंडनमध्ये त्यांनी दक्षिण आफ्रिका हाऊस बांधले, आणि १९३० साली आल्डविच येथील इंडिया हाऊस. सावरकर राहत होते ते हायगेटचे इंडिया हाऊस निराळे, हे मराठी वाचकांनी गल्लत न करता लक्षात घ्यावे. बँक ऑफ इंग्लंडची जुनी वास्तू पाडून त्यांनी नवी उठविली, तेव्हा जाणकारांनी त्यांस फार कठोर शब्दांत दोष दिला. तो आम्हांस योग्य वाटतो. जुन्याची कदर केपमध्ये ज्यांनी इतरांस शिकविली, त्यांनीच लंडनमध्ये जुने पाडावे ह्यास काय म्हणावे? अखेर औलेट्समध्येच, आपल्या जन्मघरी, ४ फेब्रुवारी १९४६ रोजी ते वारले. हिंदुस्थानचे स्वातंत्र्य दीड वर्षावर आले होते. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाचे सरकार अधिकारावर येण्यास सव्वादोन वर्षे होती. दोन्ही त्यांना पाहावयास मिळाले नाही.

बेकर ह्यांच्या इमारतींचे पुढे काय झाले, हे त्यांच्या चरित्राहून मोठे आहे. ९ ऑगस्ट ही तारीख आपल्याकडे १९४२ च्या क्रांतिदिनाची. त्याच तारखेस १९५६ साली, सक्तीच्या परवान्यांच्या विरुद्ध, सुमारे वीस हजार स्त्रिया प्रिटोरियाच्या त्या टेकडीवर चढून आल्या. लिलियन न्गोयी, हेलन जोसेफ, रहिमा मूसा आणि सोफिया विल्यम्स ह्या त्यांच्या पुढाऱ्या: एक कृष्णवर्णीय, एक गोरी, एक हिंदी वंशाची, एक मिश्रवर्णीय. पाठीशी मुले बांधलेल्या बायका ओट्यांवरून, बागांच्या टप्प्यांवरून चढत त्या अर्धवर्तुळाकार रंगपीठात येऊन दाटल्या. अर्जांचे गठ्ठे प्रधानमंत्र्यांच्या दाराशी ठेवले आणि नंतर अर्धा तास त्या निःशब्द उभ्या राहिल्या. प्रधानमंत्री स्ट्रायडम त्यांस भेटले नाहीत. ज्या खोलगट जागेचा आकार बेकर ह्यांनी गोऱ्या नागरिकांच्या मेळाव्यासाठी घडविला, तिचा पहिला खरा उपयोग असा झाला. इमारत चांगली बांधलेली असली की ती शत्रूच्याही उपयोगी पडते!

१० मे १९९४ रोजी ह्याच रंगपीठात नेल्सन मंडेला ह्यांनी राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली. डिसेंबर २०१३ मध्ये त्यांचे पार्थिव तीन दिवस तेथेच ठेवले होते आणि दर्शनास लोकांच्या रांगा टेकडीखाली दूरवर गेल्या होत्या. आता त्या जागेस त्यांचेच नाव आहे, आणि खाली बागेत, पूर्वी जेथे जनरल हर्टझोगचा पुतळा होता तेथे, दोन्ही हात पसरलेली मंडेलांची नऊ मीटर उंच मूर्ती उभी आहे. केप टाऊनमध्ये बेकर ह्यांनी आरंभिलेल्या सेंट जॉर्ज कॅथीड्रलमधून डेस्मंड टूटू ह्यांनी वर्णभेदाविरुद्ध प्रवचने केली. १ जानेवारी २०२२ रोजी त्यांचा अंत्यविधीही तेथेच झाला. ऱ्होड्सच्या स्मारकाचे दैव निराळे. २०२० च्या जुलैमध्ये कोणी रात्री येऊन तेथील अर्धपुतळ्याचे मस्तक कापून नेले. सिंह, पायऱ्या आणि खांब यांस कोणी हात लावला नाही. ते मस्तक जवळच सापडले आणि पुन्हा बसविण्यात आले.